सावली कोणाची?

‘साहिब बीबी और ग़ुलाम’ या १९६२ सालच्या चित्रपटात ‘साक़िया आज मुझे नींद नहीं आएगी’ हे मुजऱ्याचे गाणे आहे. मिनू मुमताज उजेडात नाचते आणि तिच्या मुद्रेवरची प्रत्येक छटा स्वच्छ दिसते. तिच्याभोवती फेर धरणाऱ्या बाकीच्या नर्तकींचे चेहरे मात्र सावलीतच राहतात. त्यांचे हात दिसतात, गिरकीबरोबर फुलणारा घेर दिसतो, मानेचा डौल दिसतो, पण त्या पुढ्यात आल्या तरी अंधार अंगावर घेऊनच येतात. हे अपघाताने होत नाही. नाचणारे माणूस एका जागी उभे राहत नसल्यामुळे त्याला सतत सावलीत ठेवणे हे सतत उजेडात ठेवण्यापेक्षा कितीतरी अवघड असते. कोणता दिवा किती उंचीवर लावायचा, त्याच्यापुढे उजेड अडवणारा फळा, म्हणजे कटर, कुठे धरायचा, जमिनीवर उजेडाची हद्द कुठे संपते आणि ती कोणी ओलांडायची नाही, हे सारे आधी ठरवावे लागते. छायालेखक व्ही. के. मूर्ती यांनी ते ठरवले, आणि त्यामुळे जमीनदाराच्या मैफलीचे खरे स्वरूप एकाही संवादाशिवाय पडद्यावर उमटले. तिथे बसलेल्या पुरुषांच्या लेखी एकच बाई आहे. बाकीच्या नुसत्या हालचाली आहेत.

आता याच गाण्याची डिजिटल प्रत कोणाच्या तरी संगणकावर उघडलेली आहे अशी कल्पना करावी. सावल्या उजळण्यासाठी एक पट्टी सरकवावी लागते, याहून अधिक काही करावे लागत नाही. निगेटिव्हवर काळोखातही थोडाफार तपशील शिल्लक असतो, आणि तो वर काढला की मागच्या मुलींचे चेहरे दिसू लागतील. काम करणाऱ्याला वाटेल की आपण चित्र सुधारले. मोबाइलच्या पडद्यावर पाहणाऱ्यालाही ते अधिक स्वच्छ वाटेल. प्रत्यक्षात त्या क्षणी ते गाणे नाहीसे झालेले असेल. उरेल ती चांगल्या चालीवर नाचणाऱ्या दहाबारा बायकांची चित्रफीत. माझा प्रश्न असा आहे की, हे थांबवण्याचा अधिकार आपल्या देशात कोणाकडे आहे? ज्याने ती सावली घडवली त्याच्याकडे तो कधीच नव्हता, तो हयात असतानाही नव्हता. ही आपल्या कायद्यातली आणि चित्रपटाविषयीच्या आपल्या समजुतीतली गंभीर चूक आहे, असे माझे मत आहे.

१९५७ चा कॉपीराइट कायदा चित्रपटाचा कर्ता कोण याचे उत्तर एका शब्दात देतो: निर्माता. छायाचित्राचा कर्ता कोण, याचेही उत्तर त्याच व्याख्येत आहे: छायाचित्र घेणारी व्यक्ती. ही दोन उत्तरे शेजारी ठेवून पाहावीत. चित्रीकरण चालू असताना सेटवर प्रसिद्धीसाठी फोटो काढणारा स्थिरचित्रकार असतो. तो कॅमेऱ्याच्या बाजूला उभा राहतो आणि छायालेखकाने तासन्‌तास खपून रचलेल्या प्रकाशात, जवळपास त्याच चौकटीचा, त्याच अभिनेत्रीचा फोटो घेतो. त्या फोटोचा कर्ता तो ठरतो. त्याच वेळी सेकंदाला चोवीस या वेगाने तीच प्रतिमा फिल्मवर घेणारा, आणि तो प्रकाश मुळात निर्माण करणारा छायालेखक मात्र कशाचाच कर्ता ठरत नाही. फोटोचे पैसे निर्मात्याने मोजलेले असल्याने त्याची मालकी निर्मात्याकडे जाते, हे खरे. पण कर्तेपण फोटोग्राफरकडेच राहते. कलम ५७ नुसार कर्त्याला दोन विशेष हक्क असतात. ही कृती माझी आहे असे सांगण्याचा एक, आणि तिची मोडतोड करून कोणी त्याच्या प्रतिष्ठेला बाध आणला तर दाद मागण्याचा दुसरा. मालकी विकून टाकली तरी हे हक्क त्याच्यापाशी राहतात.

हे केवळ कागदावरचे तत्त्व नाही. शिल्पकार अमरनाथ सहगल यांनी दिल्लीच्या विज्ञान भवनासाठी घडवलेले भव्य कांस्य भित्तिशिल्प १९७९ मध्ये सरकारने भिंतीवरून उतरवले, ते गोदामात पडून राहिले आणि त्याची हानी झाली. शिल्प सरकारच्या मालकीचे होते, त्याचे पैसे सरकारने दिले होते. तरीही २००५ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने याच कलम ५७ च्या आधारे सहगल यांच्या बाजूने निकाल दिला आणि उरलेले शिल्प त्यांना परत करण्याचा व ५ लाख रुपये भरपाई देण्याचा आदेश दिला. वस्तू एकाची आणि कर्तेपण दुसऱ्याचे, ही गोष्ट आपल्या न्यायव्यवस्थेला पूर्ण परिचयाची आहे. छायालेखकासाठी मी जे मागतो आहे ते याहून फारसे वेगळे नाही.

मूर्तींचीच कारकीर्द उदाहरणादाखल का घ्यावी, याला कारण आहे. त्यांच्या कामाची जितकी स्तुती झाली तितकी भारतात फार थोड्या छायालेखकांच्या वाट्याला आली आहे. म्हणजे त्यांनाही जे मिळाले नाही ते इतरांना मिळण्याचा संभवच नाही. १९२३ मध्ये म्हैसूर इथे जन्मलेला, उत्तम व्हायोलिन वाजवणारा, स्वातंत्र्यलढ्यात तुरुंगात जाऊन आलेला हा तरुण बंगळूरच्या पॉलिटेक्निकमध्ये छायालेखनाची पदविका घेऊन मुंबईत आला आणि साहाय्यक म्हणून उमेदवारी करू लागला. गुरुदत्त यांच्या पहिल्या चित्रपटात, १९५१ च्या ‘बाज़ी’त, छायालेखक व्ही. रात्रा होते आणि मूर्ती त्यांच्या हाताखाली होते. एका गाण्यात आरशातल्या प्रतिबिंबावरून कॅमेरा फिरवण्याचा अवघड शॉट या साहाय्यकाने सुचवला आणि स्वतः घेऊनही दाखवला. पुढच्याच चित्रपटापासून, १९५२ च्या ‘जाल’पासून, ते गुरुदत्त यांचे छायालेखक झाले. ‘आर पार’, ‘मिस्टर अँड मिसेस ५५’, ‘प्यासा’, ‘काग़ज़ के फूल’ आणि ‘साहिब बीबी और ग़ुलाम’ हे चित्रपट पुढच्या दहा वर्षांतले.

या चित्रपटांत मूर्तींची म्हणून जी शैली ओळखू येते तिचा पाया उजेडात नाही, उजेड कुठे थांबवायचा या निर्णयात आहे. त्या काळच्या रिवाजाप्रमाणे नायिकेचा चेहरा सर्व बाजूंनी उजळायचा, मागच्या भिंतीवर थोडा प्रकाश टाकायचा आणि सेटवर खर्च केलेली प्रत्येक वस्तू दिसेल याची काळजी घ्यायची. मूर्ती वस्तू दडवतात. ‘प्यासा’च्या शेवटी सभागृहाच्या दारात कवी येऊन उभा राहतो तो आठवून पाहावा. प्रकाश त्याच्या पाठीमागे आहे, दोन्ही हात चौकटीला टेकलेले आहेत, चेहरा काळोखात आहे. ज्याच्या नावाने सभा भरली आहे त्याला सभेतले कोणी ओळखत नाही, हे कथानक आहे. पण प्रेक्षकालाही आधी चेहरा न देता नुसती बाह्यरेषा द्यायची, म्हणजे तोही त्या न ओळखणाऱ्यांपैकी एक होतो, हे छायालेखन आहे. माणसाची ओळख दिव्याच्या जागेवरून मांडता येते, हे समजण्यासाठी मला या एका शॉटहून चांगला धडा दुसरा सापडलेला नाही.

मग ‘काग़ज़ के फूल’. १९५९ सालचा हा पहिला भारतीय सिनेमास्कोप चित्रपट. ‘वक़्त ने किया क्या हसीं सितम’ या गाण्यात रिकाम्या स्टुडिओत वरून तिरका उतरणारा प्रकाशाचा झोत आहे आणि त्याच्या दोन बाजूंना दोन माणसे आहेत. तो झोत दिव्याचा नाही. गुरुदत्त यांना सूर्याच्या किरणांसारखे काहीतरी हवे होते आणि स्टुडिओतला कोणताही दिवा सूर्यासारखे समांतर किरण देत नाही. जवळच्या दिव्याचा उजेड पसरत जातो. मूर्तींनी स्टुडिओच्या बाहेर मोठा आरसा ठेवून ऊन आत घेतले, आत उंचावर दुसरा आरसा ठेवून ते खाली वळवले आणि हवेत धूर सोडून त्या किरणांना आकार दिला. सूर्य सरकतो, त्यामुळे अशा उन्हात काम करायचे तर आरसाही त्याच्याबरोबर सरकवत राहावा लागतो आणि जे घ्यायचे ते मोजक्या वेळात घ्यावे लागते. एम. आर. आचरेकरांची सजावट, कैफ़ी आज़मींचे शब्द, सचिनदेव बर्मन यांची चाल, गीता दत्त यांचा आवाज, हे सगळे त्या गाण्यात आहेच. यांपैकी शब्द आणि चाल यांचे कर्ते कोण हे कायद्याला ठाऊक आहे. गायिकेला कलावंत म्हणून हक्क आहेत. आरसे लावणाऱ्याच्या नावापुढे कायद्यात रिकामी जागा आहे.

हे गाणे मी पहिल्यांदा पाहिले ते घरच्या टीव्हीवर, जुन्या चौकोनी पडद्याच्या काळात. सिनेमास्कोपची चौकट उंचीच्या सव्वादोनपटीहून रुंद असते. ती जुन्या टीव्हीचा पडदा भरून दाखवायची तर जवळपास ४३ टक्के चित्र दोन्ही बाजूंनी कापावे लागते. दाखवणाऱ्यांनी ते कापले होते. परिणाम असा झाला होता की, दोन माणसांमधले अंतर दाखवण्यासाठी जी रुंदी वापरली होती तीच उडाली होती. पडद्यावर कधी नुसता झोत होता, कधी एकटी ती होती आणि कधी एकटा तो. मला ते गाणे सुंदर पण काहीसे तुटक वाटले आणि पुढे कित्येक वर्षे मी तो दोष चित्रपटाचा मानत राहिलो. नंतर एका फिल्म सोसायटीच्या खेळाला अखंड प्रत पाहिली तेव्हा कळले की, ती दोघे एकाच चौकटीत, टोकांना, एकमेकांकडे पाहत उभी आहेत आणि मधली सगळी जागा रिकामी ठेवलेली आहे. गाण्याचा अर्थ त्या रिकाम्या जागेत होता आणि माझ्यापर्यंत पोचवताना तीच कोणीतरी अडगळ समजून काढून टाकली होती. ज्याने हे केले त्याच्यावर मी आज रागावत नाही, कारण त्याला थांबवणारा नियमच नव्हता. आजही नाही. चौकोनी जुने चित्रपट आता उलट रुंद पडद्यासाठी वरून आणि खालून कापले जातात, तेव्हा चित्राचा सुमारे पाव भाग जातो, आणि समूहदृश्यांत कपाळे नि पावले नाहीशी होतात.

या साऱ्याला जो सर्वांत वजनदार आक्षेप आहे, तो निर्मात्यांचा नसून जाणकार प्रेक्षकांचा आहे. ते म्हणतात की, ही दृष्टी मुळात गुरुदत्त यांची होती. मूर्तींनी ती कुशलतेने उतरवली. पुरावा म्हणून ते दाखवतात की, १९६४ मध्ये गुरुदत्त गेल्यानंतर मूर्तींनी इतरांसाठी अनेक रंगीत, चांगले चाललेले चित्रपट केले, पण त्यांतली दृश्ये कोणाच्या मनात ‘प्यासा’सारखी राहिलेली नाहीत. हा मुद्दा टाळण्यासारखा नाही आणि मी तो मान्य करतो. श्याम बेनेगल यांच्या ‘भारत एक खोज’ या मालिकेत मूर्तींचे काम भारदस्त आहे, तरीही ते ‘काग़ज़ के फूल’ नाही. पण यातून निष्कर्ष काय निघतो? इतका की, एकट्या मूर्तींकडून ते घडले नसते. एकट्या गुरुदत्त यांच्याकडून ते घडले असते, असा निष्कर्ष त्यातून मुळीच निघत नाही. सूर्याचे किरण हवेत, ही इच्छा एकाची होती. स्टुडिओच्या बाहेरचा सूर्य आरशावर पकडून आत आणता येईल, हे दुसऱ्याला सुचले. त्या झोतातून या दोन गोष्टी आता वेगळ्या काढता येत नाहीत.

आणि वेगळ्या काढता येत नाहीत, हीच तर कायद्याची कसोटी आहे. संयुक्त कर्तृत्वाची कृती म्हणजे काय, हे १९५७ च्या कायद्याने स्वतःच सांगून ठेवले आहे: दोन किंवा अधिक कर्त्यांच्या सहकार्याने घडलेली अशी कृती, की जिच्यातला एकाचा वाटा दुसऱ्याच्या वाट्याहून निराळा दाखवता येत नाही. दिग्दर्शक आणि छायालेखक यांच्या कामाचे याहून अचूक वर्णन मला करता येणार नाही. ज्या कारणासाठी आपण छायालेखकाचे कर्तेपण नाकारत आलो, म्हणजे त्याचे काम दिग्दर्शकाच्या कामात मिसळून गेलेले असते म्हणून, तेच कारण त्याला सहकर्ता ठरवायला पुरेसे आहे.

मूर्ती आणि गुरुदत्त हे अपवादात्मक जोडपे होते, असेही नाही. सुब्रत मित्र यांनी विशीत, चलच्चित्राचा कॅमेरा त्याआधी कधी चालवलेला नसताना, ‘पथेर पांचाली’ चित्रित केला. पुढच्या ‘अपराजितो’साठी बनारसच्या घराचे अंगण स्टुडिओत उभारावे लागले तेव्हा वर पांढरे कापड ताणून, दिव्यांचा उजेड त्यावर टाकून तो परतवून खाली आणायचा, अशी युक्ती त्यांनी काढली. खऱ्या अंगणात आकाशाचा उजेड कोणत्याही एका बाजूने येत नाही आणि म्हणून तिथे ठळक सावली पडत नाही, हे त्यांनी पाहिले होते. मूर्ती सावली रचतात, मित्र ती पुसतात. दोघांची मते इतकी विरुद्ध आहेत, की या कामाला निव्वळ तंत्र म्हणणे अशक्य व्हावे. कारण तंत्राला बरोबर किंवा चूक असते, मत नसते.

आपल्या सार्वजनिक मानसन्मानांनीही हे फार उशिरा ओळखले. पहिले राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार १९५४ मध्ये दिले गेले, पण छायालेखनासाठी स्वतंत्र पुरस्कार सुरू झाला तो १९६७ सालच्या चित्रपटांपासून. म्हणजे ‘पथेर पांचाली’, ‘प्यासा’ आणि ‘काग़ज़ के फूल’ ज्या काळात घडले त्या काळात देशाच्या लेखी हा पुरस्कारयोग्य विषयच नव्हता. दादासाहेब फाळके पुरस्कार १९६९ पासून दिला जातो. निव्वळ छायालेखक म्हणून तो मिळालेले पहिले गृहस्थ मूर्ती, आणि तो २००८ सालचा. ज्या फाळक्यांच्या नावाचा हा पुरस्कार आहे त्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ चित्रित करण्यासाठी त्र्यंबक तेलंग यांना कॅमेरा चालवायला स्वतः शिकवले होते. पहिल्या भारतीय कथापटाचा कॅमेरा ज्याने चालवला त्या माणसाचे नाव मराठी माणसांना तरी ठाऊक असायला हवे. चित्रपटावर प्रेम करणाऱ्या किती घरांत ते ठाऊक आहे, हे विचारून पाहावे.

निर्मात्यांचे म्हणणे व्यावहारिक आहे आणि तेही नीट ऐकले पाहिजे. पैसा त्यांचा, धोका त्यांचा. चित्रपट पडला तर छायालेखक आपले मानधन परत करत नाही. प्रत्येक कसबी माणसाला नकाराधिकार दिला तर जुन्या चित्रपटाची एक नवी प्रत काढायलाही दहा जणांच्या सह्या लागतील आणि चित्रपट कपाटातच सडतील. ही भीती मला खरी वाटते. म्हणूनच मी उत्पन्नातल्या वाट्याची गोष्ट इथे करत नाही. तो निराळा आणि लांबचा वाद आहे. चित्रपट विकावा, भाड्याने द्यावा, कुठेही दाखवावा, त्यात छायालेखकाने आड येऊ नये. त्याचा हक्क इतकाच असावा की, चित्राचा रंग, उजेड आणि चौकट यांत मूळ स्वरूपाला धक्का लावणारा बदल त्याला विचारल्याशिवाय होऊ नये, आणि झालाच तर त्याला दाद मागता यावी. पोलंडच्या कायद्यात दिग्दर्शकाबरोबर छायालेखकाचेही नाव चित्रपटाच्या सहकर्त्यांमध्ये घेतलेले आहे, आणि तिथली चित्रपटनिर्मिती त्यामुळे थांबलेली नाही.

असा हक्क नसला म्हणजे काय होते, याची उदाहरणे आपल्याकडे घडून गेली आहेत. ‘मुग़ल-ए-आज़म’ २००४ मध्ये संपूर्ण रंगीत करून प्रदर्शित झाला. के. आसिफ़ १९७१ मध्येच निवर्तले होते. तो चित्रपट पाहायला लोकांनी गर्दी केली आणि अनेकांना तो नव्याने भेटला, हे मी नाकारत नाही. पण आर. डी. माथुर यांनी त्यातली बहुतेक दृश्ये कृष्णधवल फिल्मसाठी प्रकाशित केली होती, आणि कृष्णधवल प्रकाशयोजना ही रंग वजा केलेली रंगीत योजना नसते. तिथे लाल आणि हिरवा पदर सारख्याच करड्या छटेत येऊ शकतात, म्हणून छायालेखक त्यांना रंगाने वेगळे न करता उजेडाने वेगळे करतो. केसांच्या कडेवर एक रेघ आणतो, मागची भिंत एक पायरी काळी ठेवतो. वरून रंग भरले की ही सारी मेहनत दुहेरी होऊन बसते आणि डोळ्यांना खुपते. पुढे ‘नया दौर’ आणि ‘हम दोनो’ यांचेही तसेच झाले. २०२५ मध्ये तर ‘रांझणा’चा तमिळ अवतार कृत्रिम बुद्धिमत्तेने शेवट बदलून पुन्हा प्रदर्शित करण्यात आला, दिग्दर्शक आनंद एल. राय यांनी जाहीर विरोध केला, नायकानेही केला, आणि तरीही तो प्रदर्शित झाला. मेलेल्या नायकाला जिवंत करणाऱ्या त्या नव्या दृश्यांचा उजेड कोणी ठरवला? हयात, नामवंत दिग्दर्शकाला जिथे कोणी विचारत नाही, तिथे छायालेखकाचा विचार कोणाच्या मनात येणार?

दिग्दर्शकाला निर्मात्याबरोबर सहकर्ता मानावे, अशी तरतूद २०१० च्या दुरुस्ती विधेयकात होती. संसदेच्या स्थायी समितीत तिला विरोध झाला आणि २०१२ मध्ये कायदा संमत झाला तेव्हा ती गळालेली होती. गीतकार आणि संगीतकार यांना त्या दुरुस्तीने न्याय दिला, त्याचे स्वागतच आहे. पण त्यातून असे चित्र तयार झाले आहे की, चित्रपटातले जे कानांना ऐकू येते त्याला कर्ते आहेत आणि जे डोळ्यांना दिसते ते जणू आपोआप उमटलेले आहे. छायालेखकांच्या संघटनांनी आणि दिग्दर्शकांनीही ती मागणी पुन्हा एकत्र मांडली पाहिजे. दिग्दर्शकांनी ती एकट्यासाठी मांडली म्हणून ती निर्माता विरुद्ध दिग्दर्शक अशा सत्तेच्या भांडणासारखी दिसली, असे मला वाटते.

कायदा बदलेपर्यंत थांबण्याचे मात्र कारण नाही, कारण सर्वांत मोठे काम सध्या सार्वजनिक पैशातून चालू आहे. राष्ट्रीय चित्रपट वारसा अभियानात २,२०० चित्रपटांच्या पुनरुज्जीवनासाठी ३६३ कोटी रुपयांची घोषणा २०२२ मध्ये झाली, आणि त्याचे केंद्र पुण्यातले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. पुनरुज्जीवन म्हणजे ओरखडे पुसणे आणि फिल्मच्या कडेची फाटलेली छिद्रे सांधणे, असा समज आहे. तो अर्धाच खरा आहे. ओरखडा दोष आहे हे यंत्रालाही कळते. पण एखादे दृश्य इतके काळे का आहे, ते प्रत खराब झाल्यामुळे, का प्रयोगशाळेने छपाईत चूक केल्यामुळे, का छायालेखकाला तसेच हवे होते म्हणून, हे निगेटिव्ह सांगत नाही. निगेटिव्ह फक्त शक्यता देते. पूर्वी प्रत्येक शॉट किती गडद छापायचा हे छायालेखक प्रयोगशाळेतल्या ग्रेडरशेजारी बसून ठरवत असे, आणि तो निर्णय छापील प्रतीत उतरत असे. त्या प्रती झिजल्या, अनेक प्रयोगशाळा बंद पडल्या, आणि निर्णय ज्यांच्या डोक्यात होते ती माणसे एकेक करून जात आहेत.

हे काम कसे करावे याचा नमुना आपल्यासमोर आहे. श्याम बेनेगल यांचा १९७६ चा ‘मंथन’ फिल्म हेरिटेज फाउंडेशनने मूळ कॅमेरा निगेटिव्हवरून पुनरुज्जीवित केला आणि २०२४ मध्ये तो कान महोत्सवात दाखवला गेला. त्या कामात बेनेगल होते आणि चित्रपटाचे छायालेखक गोविंद निहलानीही होते. निहलानी हे मूर्तींचे शिष्य. उमेदवारीच्या काळात त्यांचे साहाय्यक. सार्वजनिक पैशातून होणाऱ्या प्रत्येक पुनरुज्जीवनात हयात छायालेखकाला, तो नसेल तर त्याच्या हाताखाली काम केलेल्या साहाय्यकाला, मानधन देऊन बोलवावे आणि त्याने काय सांगितले ते प्रतीबरोबर लेखी जपावे, एवढा नियम संग्रहालय उद्या सकाळी स्वतःपुरता करू शकते. त्याला संसद लागत नाही. सत्तरच्या दशकात फिल्मवर काम सुरू केलेले छायालेखक आज पंचाहत्तरीच्या आसपास किंवा तिच्या पुढे आहेत, म्हणून ही यादी वयाच्या क्रमाने करावी लागेल.

मूर्ती ७ एप्रिल २०१४ रोजी बंगळूरला वारले. ‘साहिब बीबी और ग़ुलाम’चा कॉपीराइट प्रदर्शनानंतरची साठ वर्षे भरल्यामुळे २०२२ अखेर संपला, तेव्हा आता निर्मात्याच्या वारसांनाही विचारण्याची गरज उरलेली नाही, ज्याच्याकडे प्रत आणि संगणक आहे त्याने ती पट्टी हवी तितकी सरकवावी. मिनू मुमताजच्या मागची तिसरी मुलगी वळते तेव्हा तिच्या गालावर पडू पाहणारा उजेड किती अंशांनी अडवला होता, हे सांगू शकणारा माणूस बावन्न वर्षे हयात होता.